बॉइल दक्षिणेला गेला : १५ मे १९१८ चं प्रकरण

१५ मे १९१८, बुधवार, वॉशिंग्टन. पोटोमॅक नदीकाठी पोलो खेळायचं मैदान, चारी बाजूंनी झाडं आणि मधे एक कर्टिस जेनी विमान उभं. राष्ट्राध्यक्ष विल्सन आलेत, सोबत मिसेस विल्सन, विल्सनच्या हाताला बँडेज (काही आठवड्यांपूर्वी एका रणगाड्याच्या तापलेल्या पाइपला हात लागून भाजला होता). पोस्टमास्टर जनरल बर्लसन आहेत. नौदल खात्यातला एक तरुण अधिकारीही आहे, फ्रँकलिन रूझवेल्ट नावाचा, तो पुढे स्वतः राष्ट्राध्यक्ष होणार. फोटोग्राफर आहेत, फुलं आहेत. वॉशिंग्टन, फिलाडेल्फिया, न्यूयॉर्क अशी साधारण साडेतीनशे किलोमीटरची हवाई टपाल आजपासून रोज सुरू होणार आणि पहिली थैली घेऊन निघणार लेफ्टनंट जॉर्ज बॉइल.

इंजिन सुरू होईना. मेकॅनिक पंखा हाताने फिरवतोय, परत फिरवतोय, काही नाही. स्पार्क प्लग काढून बघितले, ते ठीक. विल्सन बायकोच्या कानात वेळ फुकट जातोय असं काहीतरी पुटपुटले म्हणतात. शेवटी कोणाच्या तरी डोक्यात आलं की टाकीत पेट्रोल आहे का ते तरी बघा, आणि टाकी रिकामी. बरं, मैदानावर पेट्रोल ठेवलेलंच नव्हतं, मग शेजारी उभ्या असलेल्या विमानांतून नळीने ओढून ह्यात भरलं. ह्याला आपल्याकडे वरातीमागून घोडं म्हणतात, फक्त इथे वरातीत राष्ट्राध्यक्ष होते.

पावणेबाराच्या सुमाराला बॉइल एकदाचा उडाला, झाडांच्या शेंड्यांवरून जेमतेम निघाला, लोकांनी टाळ्या वाजवल्या. फिलाडेल्फिया ईशान्येला आहे. बॉइल दक्षिणेला गेला.

थोड्या वेळाने मेरीलँडमधल्या वॉल्डॉर्फजवळ, म्हणजे वॉशिंग्टनपासून चाळीसेक किलोमीटर भलत्याच दिशेला, तो रस्ता विचारायला एका शेतात उतरला आणि उतरताना विमान उलटं झालं. त्याला काही लागलं नाही. टपाल ट्रकमधून गुपचूप परत वॉशिंग्टनला आली.

हा किस्सा सहसा हसण्यासाठी सांगितला जातो आणि हसण्यासारखा आहेच, पण मी वीस वर्षं प्लॅनिंगच्या कामात काढली आहेत आणि मला तो वाचताना प्रत्येक वेळी पोटात थोडं कालवतं, कारण ह्यातल्या एकेका माणसाला मी कुठल्या ना कुठल्या मीटिंगमध्ये भेटलोय. म्हणून नीट उलगडून बघायचं ठरवलं.

आधी काळ लक्षात घ्या. युरोपात महायुद्ध चालू होतं, खंदकांत माणसं चिखलात हजारोंनी मरत होती, त्यात कोणाला नाव नाही की चेहरा नाही, पण वर आकाशात एकेकटा पायलट लढत होता, त्याचं नाव पेपरात, त्याने पाडलेल्या विमानांचा आकडा पेपरात, पाच पाडली की तो ‘एस’. लाल विमानवाला जर्मन रिश्टहोफेन ह्या समारंभाच्या फक्त २४ दिवस आधी, २१ एप्रिलला मारला गेला होता आणि शत्रूनेच त्याला लष्करी मानाने पुरलं होतं. त्याआधी अमेरिकेत लिंकन बीची नावाचा एक अवलिया होता, विमान उलटं करणं, सरळ खाली सूर मारणं असले खेळ तो गर्दीपुढे करायचा आणि १९१५ ला सॅन फ्रान्सिस्कोच्या प्रदर्शनात हजारोंच्या डोळ्यांदेखत खाडीत कोसळून गेला. तर १९१८ मधल्या माणसाला पायलट म्हटल्यावर डोळ्यांसमोर काय यायचं? गळ्यात मफलर, डोळ्यांवर गॉगल, मरणाची भीती नाही. नकाशा, पेट्रोलची पावती, हवामानाचा रिपोर्ट, ह्यातलं काही त्या चित्रात नाही.

आता काम काय होतं ते बघा. रोज ठरलेल्या वेळी (रविवार सोडून) एक थैली इथून तिथे न्यायची. म्हणजे एसटीच्या ड्रायव्हरचं काम. हिरोचं नव्हेच.

हे काम मेजर रूबेन फ्लीट ह्या सैन्यातल्या अधिकाऱ्याच्या गळ्यात पडलं आणि हातात दिवस किती, तर जेमतेम नऊ. तो म्हणाला अहो, आपल्याकडचं जेनी हे शिकाऊ पायलटचं विमान, सव्वा-दीड तासाच्या वर पेट्रोल पुरत नाही, वॉशिंग्टनहून फिलाडेल्फियापर्यंत ते पोचणारच नाही, तारीख पुढे ढकला. बर्लसन म्हणाले जमणार नाही, पेपरात जाहीर केलंय. इथे मी पुस्तक मिटून पाच मिनिटं खिडकीबाहेर बघत बसलो होतो. मुहूर्त आधी काढायचा आणि नवरा-नवरी नंतर शोधायचे, हे अमेरिकेतही चालतं हे बघून बरंही वाटलं आणि वाईटही.

फ्लीट पडला खटपट्या. त्याने कर्टिस कंपनीकडून सहा जेनी बदलून घेतल्या, पुढची सीट आणि तिथले कंट्रोल काढून टपालाच्या थैलीसाठी खण केला, दीडशे हॉर्सपॉवरचं इंजिन, पेट्रोलची क्षमता दुप्पट. विमानं न्यूयॉर्कजवळ जोडली जात होती आणि १४ मेपर्यंत सगळी तयारसुद्धा नव्हती. एका टाकीला भोक होतं, ते शिसपेन्सिल खुपसून बंद केलं असं फ्लीटनेच नंतर सांगितलंय. आणि हे महत्त्वाचं : १४ तारखेला तो स्वतः आणि एजर्टन, कल्व्हर हे दोन पायलट अशी तिघं विमानं घेऊन फिलाडेल्फियाला निघाले तर धुक्यात खुद्द फ्लीटच भरकटला, पेट्रोल संपून एका कुरणात उतरला, शेतकऱ्याकडून ट्रॅक्टरचं तेल मागून घेतलं, परत उडाला, आणि मुक्कामाच्या अलीकडे तीनेक किलोमीटरवर परत उतरावं लागलं. म्हणजे ह्या सगळ्या मंडळींचा मुख्य, अनुभवी माणूस, आदल्या दिवशी वाट चुकला होता. दुसऱ्या दिवशी सकाळी तोच एक विमान घेऊन वॉशिंग्टनला आला, मांडीला नकाशा बांधून, आणि तेच विमान बॉइलला दिलं. ते उडवून आणल्यामुळे टाकी रिकामी होती, हे त्यात आलंच.

बॉइल आला कुठून, हा ह्या प्रकरणातला चटपटीत भाग. सहा पायलट लागणार होते. चार फ्लीटने निवडले आणि दोन टपालखात्याने सुचवले, सुचवले म्हणजे काय ते तुम्हाला कळलंच असेल. बॉइलचं लग्न मार्गारेट मकॉर्डशी ठरलेलं होतं आणि तिचे वडील आंतरराज्य वाणिज्य आयोगाचे सदस्य, टपालखात्याशी त्यांचे संबंध चांगले. होणाऱ्या जावयाचं नाव इतिहासात पहिलं लागावं असं कोणाला वाटणार नाही! तर बॉइल, टेक्सासच्या फ्लाइंग स्कूलमधून नुकताच बाहेर पडलेला, देशातल्या पहिल्या नियमित हवाई टपालाचा पहिला पायलट. मार्गारेट त्या दिवशी मैदानावर होती, हातात गुलाबाची फुलं, फोटो आहे. आधी लगीन कोंढाण्याचं म्हणायला हवं होतं, इथे दोन्ही लग्नं एकाच मांडवात.

बहुतेक जण इथेच थांबतात. वशिल्याचं तट्टू, दुसरं काय होणार. मीसुद्धा बरीच वर्षं हेच समजत होतो.

पण टपालखात्याने सुचवलेला दुसरा पायलट कोण? जेम्स एजर्टन. त्याचे वडील टपालखात्यात खरेदीचं काम बघायचे, म्हणजे वशिला तितकाच सरळ. तोही टेक्सासच्या त्याच स्कूलमधून नुकताच बाहेर पडलेला, अनुभव म्हणाल तर तितकाच कोवळा. त्याच दिवशी न्यूयॉर्कच्या बेलमाँट पार्क रेसकोर्सवरून टोरी वेब नावाचा पायलट टपाल घेऊन वेळेवर निघाला, फिलाडेल्फियाला त्याने थैली एजर्टनकडे दिली आणि एजर्टन दुपारी तीनच्या आत वॉशिंग्टनच्या त्याच पोलो मैदानावर येऊन उतरला. गाजावाजा नाही की काही नाही, राष्ट्राध्यक्ष तर कधीच घरी गेले होते, धाकटी बहीण फुलं घेऊन उभी होती म्हणतात. पुढच्या काही महिन्यांत त्याने ह्याच मार्गावर पन्नासच्या वर फेऱ्या केल्या. म्हणजे दोन्ही वशिल्याचे, दोन्ही नवखे, आणि एक पोचतो, एक चुकतो. नुसत्या वशिल्याने ह्याचं उत्तर मिळत नाही.

मला जो फरक दिसतो तो अगदी साधा आहे. एजर्टन १४ तारखेला त्या विमानात बसून एक लांबचा प्रवास करून आला होता. धुकं कसं असतं, हे विमान कंपासला किती जुमानतं, खालचा रस्ता वरून कसा दिसतो, हे त्याला आदल्या दिवशी थोडं का होईना कळलं. बॉइल त्या तिघांत नव्हता. त्याने थेट समारंभाच्या दिवशी, विल्सनसमोर, इंजिनची फजिती सोसून, मग उड्डाण केलं. आता त्याच्या जागी बसून बघा. रेडिओ नाही. विमानासाठी काढलेला नकाशा नाही, रस्त्यांचे आणि रेल्वेचे असतात तसले नकाशे. कंपास बेभरवशाचा, तो बिघडला होता असं बॉइलने नंतर सांगितलं. तेव्हाचे पायलट एकच करायचे, रुळ धरून जायचं. बॉइलनेही रुळ धरले. वॉशिंग्टनहून बाहेर पडणारे रुळ एकच नाहीत, त्याने भलते धरले आणि नाकासमोर बघत गेला.

खरं तर सूर्य होता डोक्यावर. त्या वर्षी अमेरिकेत घड्याळं पहिल्यांदाच एक तास पुढे केली होती, त्यामुळे घड्याळात पावणेबारा म्हणजे सूर्याच्या हिशोबाने साधारण पावणेअकरा, सूर्य आग्नेयेकडे. ईशान्येला जाणाऱ्या माणसाला ऊन उजव्या खांद्यावर लागायला हवं आणि बॉइलच्या जवळजवळ तोंडावर येत असणार. हा माझा हिशोब, घरी बसून चहा पिताना केलेला. वरचा पंख आड येत होता, खाली आपटायची भीती होती, मागे साक्षात राष्ट्राध्यक्ष टाळ्या वाजवत होते, अशा वेळी ऊन कुठे आहे ते कोण बघतं. आमच्याकडे रात्री गावाबाहेर माणसाला चकवा लागतो, त्याच त्याच रानात फिरत राहतो, बॉइलला तो भरदुपारी लागला एवढंच.

इकडे फिलाडेल्फियात कल्व्हर बॉइलची वाट बघत थांबला होता. थांबला, थांबला, मग फिलाडेल्फियाची जी टपाल हातात होती तेवढीच घेऊन न्यूयॉर्कला निघून गेला. हा निर्णय मला फार आवडतो. एक गाडी चुकली म्हणून पुढची अडवली नाही. त्यामुळे कागदावर तरी सेवा दोन्ही बाजूंनी सुरू झाली, फक्त राजधानीची टपाल तिच्यात नव्हती, आणि तिच्यातच विल्सनने सही केलेलं पाकीट होतं, ज्याचा रेड क्रॉससाठी लिलाव व्हायचा होता.

दोन दिवसांनी बॉइलला दुसरी संधी मिळाली. ह्या वेळी टपालखात्याने आणि फ्लीटने काळजी घेतली, एजर्टनला सोबत पाठवलं, त्याने बॉइलला योग्य दिशेला बरंच अंतर नेऊन सोडलं आणि तो परत फिरला. पुढचं सोपं होतं. बॉइलला सांगितलेलं होतं की चेसापीकचा उपसागर उजव्या हाताला ठेवून जा.

आता हा उपसागर म्हणजे समुद्राची उत्तरेकडे आत घुसलेली लांबच लांब जीभ आहे. आपल्या ठाण्याच्या खाडीवरून समजून घ्या. चेंबूरहून खाडी उजव्या हाताला ठेवून तुम्ही मुलुंडमार्गे वर ठाण्याला गेलात, इथपर्यंत बरोबर, आता खाडी सोडून पुढे जायचंय. पण सांगणाऱ्याने फक्त ‘खाडी उजवीकडे’ एवढंच सांगितलंय, म्हणून तुम्ही कळव्याला वळसा घातलात आणि ऐरोली, वाशी, बेलापूर करत खाली उरणच्या समुद्रापाशी येऊन थांबलात. पूर्ण वेळ खाडी उजव्याच हाताला! बॉइलने तंतोतंत हे केलं. उपसागराच्या डोक्याला वळसा घालून दुसऱ्या काठाने खाली, पार तोंडाशी, व्हर्जिनियातल्या केप चार्ल्सला पेट्रोल संपल्यावर उतरला. पुढे समुद्रच होता, नाहीतर अजून गेला असता. पेट्रोल मिळवून तो परत निघाला आणि फिलाडेल्फियाच्या वेशीपर्यंत पोचलाही, पण तिथे एका क्लबच्या गोल्फ मैदानावर उतरताना विमान मोडलं.

लोक ह्याला मूर्खपणा म्हणतात. मला इतकं सोपं वाटत नाही. सांगितलेलं काम शब्दाला शब्द करणारा माणूस आणि अर्धवट सांगणारा साहेब अशी जोडी जमली की हे होतंच, मग ते विमान असो नाहीतर गोडाऊन. खाडी कुठे सोडायची हे वाक्य कोणी उच्चारलं नाही, कारण सांगणाऱ्याच्या डोक्यात ते इतकं पक्कं होतं की सांगायची गरज वाटली नाही. तरीही बॉइलला मी पूर्ण सोडणार नाही, तासभर उडाल्यावर आपण परत दक्षिणेला चाललोय ही शंका त्याला यायला हवी होती, तीही दुसऱ्यांदा.

टपालखात्याने त्याच्यासाठी तिसरी संधी मागितली. फ्लीटने साफ नाही म्हटलं. बॉइलचं जूनमध्ये लग्न झालं, विमानटपालीशी त्याचा संबंध तिथेच संपला.

आता तिकिटाचं सांगितल्याशिवाय राहवत नाही, लहानपणी बुटाच्या खोक्यात तिकिटं जमवणारा मी. ह्या सेवेसाठी २४ सेंटचं खास तिकीट काढलं होतं, लाल चौकट आणि आत निळं जेनी विमान, दोन रंग म्हणजे कागद छपाईत दोनदा घालायचा. घाईत छापलेलं. १४ मेला वॉशिंग्टनच्या एका पोस्टात विल्यम रोबी नावाचा बँकेतला माणूस गेला, १०० तिकिटांचा ताव २४ डॉलरला घेतला आणि बघतो तर सगळ्यांवर विमान उलटं. काही दिवसांत त्याने तो ताव १५,००० डॉलरला विकला. २०२३ मध्ये त्यातलं एक तिकीट लिलावात वीस लाख डॉलरच्या वर गेलं. तिकिटावरच्या विमानाचा नंबर आहे ३८२६२ आणि योगायोगाने बॉइलला दिलेलं विमानही हेच. आमच्या तिकीटवाल्यांच्या गप्पांत बॉइलची आठवण ह्या नंबरामुळे निघते, नाहीतर वेब, कल्व्हर, एजर्टन ही पोचलेली नावं कोणाला माहीत आहेत? पोचला त्याची बातमी होत नाही. आपल्याकडेही १९११ ला अलाहाबादहून नैनीला पेके नावाच्या फ्रेंच पायलटने साडेसहा हजार पत्रं नेली, त्याचं तिकीटवाल्यांना फार कौतुक, पण ती हवाई टपाल एक दिवसाची हौस होती, भारतीय कंपनीची नियमित सेवा १९३२ ला जेआरडींचं विमान कराचीहून जुहूला आलं तेव्हापासूनची.

पुढे काय झालं ते थोडक्यात. २४ सेंट लोकांना परवडेना, जुलैत १६ केले आणि डिसेंबरात ६. ऑगस्टमध्ये सैन्य बाहेर पडलं आणि टपालखात्याने स्वतःचे पायलट नेमले. ह्या पायलटांना लोक पुन्हा हिरोच समजत होते, त्यांनाही ते आवडत असणार, पण माणसं मरत होती आणि वर ऑफिसात ऑटो प्रेगर हा टपालखात्याचा अधिकारी बसला होता, ज्याने आयुष्यात विमान चालवलं नव्हतं आणि ज्याला वेळापत्रक हवं होतं. त्याचं म्हणणं रेल्वे धुक्यात धावते तर तुम्ही का नाही.

१९२१ च्या फेब्रुवारीत देशाच्या एका किनाऱ्याहून दुसऱ्या किनाऱ्याला टपाल न्यायच्या मोहिमेत जॅक नाइट नावाच्या पायलटने रात्रभर विमान चालवून नॉर्थ प्लॅटहून शिकागो गाठलं, नाक आठवड्यापूर्वीच्या अपघातात मोडलेलं, पेपरांनी डोक्यावर घेतला, काँग्रेसने पैसे मंजूर केले. ती गोष्ट सगळे सांगतात. त्याच मोहिमेत नेवाडात एक पायलट मेला हे कमी सांगतात, आणि नाइटला वाट दिसावी म्हणून खाली टपालाच्या माणसांनी आणि शेतकऱ्यांनी रात्रभर होळ्या पेटवून ठेवल्या होत्या हे तर दोन ओळींत उरकतात. खरं काम पुढे त्या होळ्यांनीच केलं, १९२३ पासून त्यांच्या जागी फिरते दिवे आले आणि १९२४ च्या जुलैपासून रात्रीची टपाल नियमित जायला लागली.

पण मला ह्या सगळ्यात आवडतो तो १९१९ च्या जुलैमधला संप. बेलमाँट पार्कवर धुकं इतकं की काही दिसेना, लिऑन स्मिथ नावाच्या पायलटने उडायला नकार दिला, त्याच्यामागून हॅमिल्टन लीने दिला, प्रेगरने दोघांना काढून टाकलं, दिसत नसेल तर कंपासवर उडा, असा त्याचा खाक्या. मग बाकीचे पायलट बसून राहिले. पेपरांनी ह्या वेळी पायलटांची बाजू घेतली, कारण जिवावर उदार असलेलीच माणसं नाही म्हणतायत म्हणजे काहीतरी असणार. काही दिवसांत तडजोड झाली, लीला परत घेतलं, स्मिथला नाही घेतलं. हवामानावरून वाद झाला तर निर्णय मैदानावरचा मॅनेजर देणार असं ठरलं, पण त्याने आधी स्वतः वर जाऊन बघायचं. आणि मॅनेजरला विमान चालवता येत नसेल तर पायलटने त्याला वर न्यायचं, टपालाची थैली ठेवायच्या खणात बसवून.